झाकून ठेवलेलं ताट

१

रविवारी सकाळी दहा वाजता चिगुसा आईला फोन करायची. तोक्योत आल्यापासून बावीस वर्षं हा नेम चुकला नव्हता. बावीस वर्षांत तो फोन सात-आठ मिनिटांच्या पुढे गेलाही नव्हता.

मार्चचा तिसरा रविवार होता. दुसऱ्यांच्या पुस्तकांतल्या चुका शोधून तिचं पोट भरायचं, आणि त्या दिवशीही टेबलावर मुद्रितांचा गठ्ठा होता. रिसीव्हर मानेत धरून ती ऐकत होती, हातातली लाल पेन्सिल थांबली नव्हती. बर्फ वितळायला लागलंय, पाटाला पाणी चढलंय, शेजारच्या तोकुझोंचा खोकला बरा आहे, आई सांगत होती. आई फोनवर फार जपून बोलायची. एकेक वाक्य तोलून, रेडिओवरच्या निवेदिकेसारखं. स्वतःला ती ‘वाताशी’ म्हणायची, शहरातल्या सभ्य बायका म्हणतात तसं. त्या आवाजात आई कुठे आहे ते कधी कधी शोधावं लागे.

मग ठरलेला प्रश्न आला. जेवलीस का? चिगुसा हो म्हणाली. जेवली नव्हती.

“काय जेवलीस?” आईनं विचारलं. हे तिनं आधी कधी विचारलं नव्हतं.

“आई, काम पडलंय गं. पुढच्या रविवारी बोलू.”

“बरं,” आई म्हणाली, आणि नेहमीप्रमाणे लेकीनं फोन ठेवेपर्यंत पलीकडे थांबून राहिली.

मंगळवारी दुपारी फोन वाजला तो गावच्या पोलीस चौकीतून. कुजी नावाचा हवालदार बोलत होता. योने ओइकावा, वय चौऱ्याहत्तर, आज सकाळी घरामागच्या पाटात मृतावस्थेत सापडल्या. त्यानं सांत्वनाचे शब्द नीट म्हटले, मग जरा घुटमळला.

“विचारू नये, पण विचारावं लागतं. तुमच्या आईबरोबर घरात कोणी पुरुष राहत होता का?”

२

डोंगरातल्या त्या वाडीत घरं अकरा, पण धूर निघायचा पाचच घरांतून. चिगुसा पोचली तेव्हा पुढच्या खोलीत आईला उत्तरेकडे डोकं करून निजवलं होतं. तोंडावर पांढरं फडकं होतं. ते तिनं एकदा उचललं आणि परत ठेवलं.

तालुक्याहून नागुमो नावाचे अधिकारी आले होते. दोन वर्षांपूर्वी योकोहामाहून बदलून आलेला हा माणूस मऊ बोलायचा आणि घाई करायचा नाही. त्यांनी सरळच सांगितलं. सोमवारी दुपारनंतर केव्हातरी मृत्यू झाला होता. डोक्याला मागून मार होता. पाय घसरून लागला असेल, कुणी ढकललं असेल, डॉक्टरला छातीठोक सांगता येत नव्हतं. एरवी अपघात म्हणून कागद मिटला असता. पण जेवणाच्या खोलीत दोन ताटं होती. एकातलं जेवण संपलेलं, दुसरं जसंच्या तसं झाकलेलं. ती भांडी त्यांनी तपासणीला नेली होती. सोबत एक चिठ्ठी होती, ती त्यांनी पुढे केली.

रोज फाडायच्या दिनदर्शिकेच्या पानाची मागची बाजू. जाड पेन्सिल, काड्या रचल्यासारखी अक्षरं.

‘ओरे पाटावर जाऊन येतो. बर्फ अडकलंय. तू जेवून घे, गार होईल.’

“पहिलाच शब्द बघा,” नागुमो म्हणाले. “ओरे. पुरुषच स्वतःला असं म्हणतो, आणि तेही घरच्या माणसांत. परका असता तर सभ्यपणे लिहिलं असतं. म्हणजे इथे घरोबा असलेला एक पुरुष होता. तो पाटावर गेला, तुमच्या आईनं जेवून घेतलं, त्याचं ताट झाकून ठेवलं. तो येईना म्हणून ती बघायला गेली. तिथे काहीतरी झालं, आणि तो माणूस गप्प बसलाय.”

हवालदार कुजी चहाचे पेले ठेवत होता. पन्नाशीचा, जड अंगाचा, इथलाच.

“साहेब,” तो म्हणाला, “आमच्याकडच्या जुन्या बायकासुद्धा तसं...”

“माझी आई नाही,” चिगुसा म्हणाली. तिचा आवाज तिला वाटलं त्याहून चढा लागला. “माझी आई स्वतःला वाताशी म्हणायची. हवं तर हे बघा.”

तिनं पर्समधून पत्र काढलं. गेली दहा वर्षं आई फोनशिवाय पत्रंही लिहायला लागली होती. म्हातारपणी अक्षर इतकं वळणदार कसं झालं याचं चिगुसाला कौतुक वाटायचं. नागुमोंनी पत्र आणि चिठ्ठी शेजारी शेजारी ठेवली. एक पाण्यावर वाहिल्यासारखं अक्षर, दुसरं काटक्यांचं. एका हातचं नव्हे हे आंधळ्यालाही कळलं असतं.

“मग ही चिठ्ठी त्यांची नव्हे,” नागुमो म्हणाले.

“नाही.”

त्यांनी तो जबाब लिहून घेतला आणि तिनं खाली शिक्का उठवला. कुजी पेले उचलून निघून गेला. जाताना त्यानं एकदा तिच्याकडे बघितलं.

३

वाडीत पुरुष मोजकेच होते, त्यामुळे नागुमोंना फार हिंडावं लागलं नाही.

पहिला चुलतभाऊ शिगेओ. योनेच्या नावावर सीडरच्या झाडांचा एक तुकडा होता आणि त्याचा त्यावर डोळा होता, हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण सोमवारी दिवसभर तो लाकडाच्या गिरणीत होता आणि नऊ माणसं साक्षीला होती. काकूकडे कोण पुरुष यायचा असं विचारल्यावर तो हसला. “या वयात काकूला कोण विचारतंय? तिच्या लोणच्याला विचारत असतील तर सांगता येत नाही.” मग चिगुसा तिथेच बसलीय हे लक्षात येऊन मान खाली घातली.

दुसरा हिराता, औषधवाला. दर वसंतात येऊन घरोघरच्या औषधपेट्या भरून जायचा. रविवारीच तो पुढच्या खोऱ्यात गेला होता, तिथल्या सराईत नोंद होती. पण जाण्याआधी, शनिवारी, तो योनेच्या दारात आला तेव्हा आत भांडण चाललं होतं. शेजारचा तोकुझो ओरडत होता. शब्द त्याला नीट आठवत होते, कारण एवढा शांत म्हातारा ओरडतोय याचंच नवल वाटलं होतं.

“तो म्हणत होता, ‘आता बास. यापुढे मी हे करणार नाही. तिला काय ते खरं कळू दे.’”

आणि प्रेत ज्याला सापडलं, तोही तोकुझोच.

अठ्ठ्याहत्तर वर्षांचा हा माणूस वनखात्यातली कारकुनी संपवून बारा वर्षांपूर्वी वाडीत परतला होता. बायको नाही, मूल नाही. नागुमोंनी त्याला चिगुसासमोरच विचारलं. सोमवारी कुठे होता? घरी. कोण होतं बरोबर? कोणी नाही. योनेकडे जेवायला जायचा? लोणचं आणायला जायचो. शनिवारी कशावरून भांडलात? तोकुझो गुडघ्यावर हात ठेवून ताठ बसून राहिला.

“ते सांगणार नाही असं मी तिला कबूल केलंय.”

“ती आता नाही, काका,” चिगुसा म्हणाली.

“म्हणूनच,” तो म्हणाला.

दुपारी त्याला तालुक्याला न्यायला गाडी आली. चिगुसा ओट्यावर उभी होती. त्या वाकलेल्या पाठीचा तिला राग आला होता, आणि रागाच्या तळाशी एक चमत्कारिक ऊब होती. कसा का असेना, कोणीतरी होतं. आई एकटी जेवत नव्हती. आपल्याला यातलं काय खरं ठरायला हवंय, हे तिला सांगता आलं नसतं.

गाडीत पाय ठेवता ठेवता तोकुझो वळला.

“पोरी,” त्यानं विचारलं, “पत्रं वेळेवर पोचायची ना?”

४

शुक्रवारी दहन आटोपलं. आई आता पांढऱ्या कापडात बांधलेल्या एका डब्यात मावली होती. माणसं वाकून नमस्कार करून गेली. घर इतकं शांत झालं की छपरावरून वितळणारं पाणी मोजता आलं असतं. तोकुझो तालुक्यालाच होता. त्याला रोज बोलावत होते, संध्याकाळी सोडत होते, आणि एवढ्या उतारवयात डोंगर चढ-उतर नको म्हणून तो ठाण्याजवळच्या सराईत राहत होता. ‘जो लपवतो त्याच्या मनात पाप’ असं आता वाडीतही कोणी कोणी म्हणायला लागलं होतं. सोमवारी त्याला रीतसर अटक होणार होती.

संध्याकाळच्या आत कुजी एक खोकं घेऊन आला. भांड्यांचे फोटो झाले होते, भांडी परत करत होता. चिगुसानं वर्तमानपत्राचे बोळे सोडवले. आधी आईची वाटी निघाली. मग दुसऱ्या ताटातली.

ती तिनं उजेडात धरली.

लहान वाटी. त्यावर तांबड्या प्लमच्या कळ्या. सोबत वीतभर लांबीच्या लाल चॉपस्टिक्स. तिच्याच. सातव्या वर्षी आणलेल्या, अठराव्या वर्षी मागे टाकून गेलेल्या.

घरात ज्याची त्याची वाटी असते. माणूस मेला तरी त्याच्या वाटीत दुसरा कोणी जेवत नाही. बायकांची वाटी लहान, पुरुषांची मोठी. वडिलांची निळी, ओंजळीएवढी वाटी फळीवर अजून पालथी होती. या घरात घरोब्यानं जेवणारा पुरुष असता, तर आईनं त्याला स्वतंत्र मोठी वाटी केली असती. पोरीच्या वाटीत वाढलं नसतं. पोर मेली असती तरी नसतं.

“या चॉपस्टिक्स वापरलेल्या होत्या?” तिनं विचारलं.

“कोरड्या ठणठणीत.”

“आणि चिठ्ठी? ती कुठल्या ताटावर होती?”

कुजीनं आठवून सांगितलं. “झाकलेल्या. भाताच्या झाकणावरच. झाकणाला आतून पाणी सुटलं होतं, साहेब म्हणाले भात गरमागरम वाढला असणार.”

चिगुसानं डोळे मिटले. पुस्तकात अशी चूक तिनं पहिल्या वाचनात पकडली असती. ‘तू जेवून घे’ असं लिहिणारा माणूस चिठ्ठी कुठे ठेवेल? ज्याला सांगायचं त्याच्या ताटावर. बाहेर गेलेला तो त्या झाकलेल्या ताटाचा धनी नव्हताच. तो चिठ्ठी लिहिणारा होता, आणि स्वतः जेवून गेला होता. जेवलेलं ताट एकच होतं, आईचं.

५

“अगं ए, आहेस का?” बाहेरून हाक आली. किने आत शिरली. त्र्याऐंशी वर्षांची, कमरेत वाकलेली. आईची मैत्रीण म्हणा, वैरीण म्हणा, दोघी साठ वर्षं एकमेकींची लोणची नावं ठेवत खात आल्या होत्या. तिच्या हातात वाडीची पाटी होती. घरोघर फिरणारी, सूचनांचा कागद लावलेली. प्रत्येक घरानं वाचायची, शिक्का मारायचा, पुढच्या घरी द्यायची.

“शिक्का मार. माणसं मरतात, पाटी थांबत नाही.”

चिगुसानं कागद बघितला. पाटाची साफसफाई एप्रिलच्या दुसऱ्या रविवारी. खराटे आपापले आणावेत. साधी सूचना, पण अक्षर पाण्यावर वाहिल्यासारखं होतं.

“हे कोणी लिहिलंय, मावशी?”

“कोण लिहिणार? तोकुझो. कारकून ना तो. अकरा घरांत एकटाच शिकलेला, मिरवतो.”

चिगुसानं पर्समधलं पत्र काढून पाटीशेजारी ठेवलं. दहा वर्षांची पत्रं. ‘वाताशी ठीक आहे. तुझी वाताशीला काळजी वाटते.’ तेच वळण, तोच हात.

किनेनं पत्राकडे आणि पाटीकडे बघितलं. मग बसली.

“ती सांगायची, तो लिहायचा. शहरी करून. तोंड आमचं, शब्द त्याचे. गेल्या वर्षापासून तो कुरकुरायला लागला. म्हणायचा, योने, तुझं तू लिही, वाकडंतिकडं लिही, पोरीला खरी तू कळू दे. ती म्हणायची, नको. तिला लाज वाटते.”

छपरावरून पाणी पडत राहिलं.

“आणि हे ताट?”

“ते होय.” किनेनं लाल चॉपस्टिक्स उचलून जागेवर नीट ठेवल्या. “ओरेही वाढत होतो. नवरा मंचुरियात लढाईवर होता तेव्हा. घरचं माणूस परमुलखात असलं की त्याचं ताट वाढायचं, म्हणजे ते उपाशी राहत नाही. मग झाकण उघडून बघायचं. आतून पाणी सुटलेलं असलं की माणूस खुशाल. तीन वर्षं वाढलं मी. एक दिवस झाकण कोरडं निघालं.”

“मग?”

“मग काय. मी वाढतच राहिलो.”

ओरे, किने म्हणाली होती. साठीपुढची वाडीतली प्रत्येक बाई म्हणते तसं, सहज. चिगुसा लहानपणापासून हे ऐकत आली होती. मंगळवारी कुजी तेच सांगायला गेला होता.

“पण मी काही लढाईवर नव्हते, मावशी. तोक्योत होते.”

“परत आली नव्हतीस ना? मग परमुलखातच की.”

किने गेल्यावर चिगुसानं ताटांच्या फडताळाखालचा खण उघडला. दिनदर्शिकेची पानं सुतळीनं बांधून ठेवलेली होती, वर्षावर्षाचे गठ्ठे. काटक्यांची अक्षरं. ‘ओरे बटाटे लावतो, तू जेव.’ ‘आज ओरेचा गुडघा दुखतो. मुळा गोड निघालाय.’ ‘अस्वल आलं होतं म्हणे. ओरे भ्यालो नाही. जेव.’ इतकी बोलकी, इतकी खोडकर बाई चिगुसाला फोनवर कधी भेटलीच नव्हती.

ती बाई कधी गप्प झाली, ते तिला माहीत होतं. चौथीत असताना, खालच्या शाळेत पालकांनी येऊन वर्ग बघायचा दिवस होता. बाईंनी विचारलं, घरी अभ्यास कोण घेतं? मागे भिंतीशी उभी असलेली आई उत्साहानं म्हणाली, ओरे घेतो. गावातली पोरं वळून बघायला लागली. कोणीतरी म्हणालं, कुणाचा बाप आलाय रे? सगळा वर्ग हसला. चिगुसाही हसली. परतीच्या चढावर, आईच्या दोन पावलं पुढे चालत, तिनं सांगितलं की माझ्यासमोर पुन्हा असं बोलू नकोस, बाईसारखं बोल. आई बरं म्हणाली, आणि ते तिनं तीस वर्षं पाळलं.

चिगुसानं गठ्ठे रुमालात बांधले. सकाळची पहिली बस साडेसातला होती.

६

शनिवार असला तरी ठाण्यात गर्दी होती. परवान्याला आलेली माणसं, हरवलेल्या सायकलीची तक्रार घेऊन आलेली एक आई, फळीवर टोप्या ठेवून बसलेले दोन शिपाई. भिंतीकडेच्या बाकावर तोकुझो ताठ बसला होता. नागुमो त्याला आत न्यायलाच उठले होते.

चिगुसानं टेबलावर एकेक गोष्ट मांडली. वाटी. चॉपस्टिक्स. पाटीचा कागद, त्याच्याशेजारी आईचं म्हणून आलेलं पत्र. मग पानांचे गठ्ठे. ती थोडक्यात बोलली. दुसरा माणूस नव्हताच. सोमवारी दुपारी माझ्या आईनं स्वतः जेवून घेतलं, माझं ताट रोजच्यासारखं झाकलं, रोजच्यासारखी चिठ्ठी ठेवली आणि ती पाटावर गेली. बर्फ अडकून पाणी तुंबलं असतं तर सगळ्यात आधी खालच्या तोकुझोकाकांच्या घरात शिरलं असतं. तिथे ती घसरली. भांडण पत्रांवरून होतं. काका तिला दिलेल्या वचनामुळे गप्प आहेत.

नागुमोंनी गठ्ठ्यातलं एक पान मूळ चिठ्ठीशेजारी ठेवलं, मग दुसरं, मग तिसरं. अक्षर एकच होतं. वाटी हातात घेऊन त्यांनी ती फिरवून बघितली आणि अलगद खाली ठेवली.

“ही वाटी मी स्वतः मोजून लिहिली होती,” ते म्हणाले. “लहान वाटी, एक. आणि पुढे गेलो.” त्यांनी मान लववली. मग फाईल काढली. “ओइकावाबाई, पण एक अडचण आहे. तुमचा जबाब. चिठ्ठीतला माणूस तुमची आई नव्हे असं ज्यावर ठरलं, तो. तो बदलायचा तर तुम्हाला परत सांगावं लागेल. मी वाचतो, चूक असेल तिथे थांबवा.”

“वाचा.”

“‘माझी आई स्वतःला कधीही ओरे म्हणत नसे.’”

“चूक,” चिगुसा म्हणाली.

लिहिणारा शिपाई लांब बसला होता. त्यानं कानामागे हात नेला. ऐकू आलं नाही, जरा मोठ्यानं सांगाल का?

सायकलवाली बाई वळून बघत होती. रांगेतली माणसंही. तोकुझोनं बाकावरूनच हळूच मान हलवली, नको पोरी, असं सांगितल्यासारखी.

चिगुसा उभी राहिली.

“माझी आई स्वतःला ओरे म्हणायची,” ती म्हणाली, शेवटच्या बाकापर्यंत जाईल अशा आवाजात. “जन्मभर म्हणायची. मला लाज वाटायची म्हणून माझ्यासमोर थांबली. मंगळवारी हवालदार कुजींनी खरं सांगायला तोंड उघडलं तेव्हाही मला लाजच वाटली, म्हणून मी खोटं बोलले. ही चिठ्ठी तिनं लिहिली आहे. मला लिहिली आहे.”

शिपायाची लेखणी थांबली. सगळं घेतलं होतं त्यानं, फक्त एक रकाना राहिला होता. चिठ्ठी लिहिणाऱ्या व्यक्तीचं तुमच्याशी नातं काय, त्यानं विचारलं.

“ती माझी आई,” चिगुसा म्हणाली. “हे सगळं असं बोलणारी, ती माझी आई.”